सुम्बिंग ते कान्को मारू : एका डच आगबोटीविषयी वाचकांचे प्रश्न

जपानच्या पहिल्या वाफेच्या युद्धनौकेचा या सदरात मागे ओझरता उल्लेख आला होता. ती मूळची डच आरमाराची आगबोट होती आणि नेदरलंड्सच्या राजाने ती जपानच्या शोगुनला, म्हणजे प्रत्यक्ष राज्यकारभार चालवणाऱ्या लष्करी सत्ताधीशाला, भेट दिली, एवढेच तेव्हा आम्ही लिहिले होते. त्यावर आलेल्या प्रश्नांपैकी निवडक प्रश्न येथे एकत्र घेतले आहेत.

प्रश्न : या जहाजाचे नाव कोठे ‘सोएम्बिंग’ तर कोठे ‘सुम्बिंग’ असे वाचायला मिळते. बरोबर कोणते? आणि ते नेमके कसले जहाज होते? (एक वाचक, सावंतवाडी)

उत्तर : ‘सुम्बिंग’ हाच उच्चार बरोबर आहे. डच लिपीत ‘उ’ हा स्वर लिहिण्यासाठी ‘ओ’ आणि ‘ई’ या दोन रोमन अक्षरांची जोडी वापरतात. ती इंग्रजी वळणाने वाचली की ‘सोएम्बिंग’ होते. सुम्बिंग हा मध्य जावातील ज्वालामुखी आहे. पूर्वेकडील वसाहतींसाठी बांधलेल्या वाफेच्या जहाजांना ज्वालामुखींची नावे देण्याची डच आरमाराची रीतच होती. मेरापी, गेदे, ब्रोमो, अर्जुनो ही सारी जावातील ज्वालामुखींची नावे आहेत आणि त्या त्या नावाची डच जहाजेही होती. यांतील अर्जुनो म्हणजे आपला महाभारतातला अर्जुन आणि ब्रोमो म्हणजे ब्रह्मा, हे मराठी वाचकाला वेगळे सांगायला नको. धुराडे असलेल्या जहाजाला धुमसणाऱ्या डोंगराचे नाव ठेवणाऱ्या आरमारी कारकुनाच्या रसिकतेला दाद द्यायला हवी.

सुम्बिंग १८५०च्या दशकाच्या आरंभी आरमारात आली. लाकडी बांधणी, तीन डोलकाठ्या, दोन्ही अंगांना एकेक मोठे चाक, १५० अश्वशक्तीचे यंत्र आणि सहा तोफा असे तिचे स्वरूप होते. त्या काळाच्या मानानेही हे जहाज लहानच म्हणायचे. येथे ‘अश्वशक्ती’ हा शब्द आजच्या अर्थाने घेऊ नये. तेव्हा यंत्राची शक्ती प्रत्यक्ष मोजून सांगत नसत. सिलिंडरचा व्यास आणि दट्ट्याचा ठरीव वेग घेऊन, वाफेचा दाबही एक ठरावीक धरून, हिशेबाने एक आकडा काढत, आणि तोच कागदोपत्री लावत. या नाममात्र आकड्यापेक्षा यंत्राची खरी शक्ती पुष्कळ जास्त असे.

चाकांच्या आगबोटीची खरी अडचण चाकांतच होती. जहाज कोळशाने भरून निघाले की ते खोल बसे, चाके गरजेपेक्षा जास्त बुडत आणि यंत्राची निम्मी मेहनत पाणी उचलण्यातच जाई. कोळसा संपत आला की जहाज वर येई आणि चाकांच्या फळ्या पाण्याला जेमतेम शिवत. समुद्र खवळलेला असला तर जहाज एका कुशीवर कलले की एक चाक हवेत भिरभिरे आणि दुसरे बुडून जड होई, आणि त्याचा सारा हिसका आसावर बसे. युद्धाच्या दृष्टीने तर दुखणे आणखी मोठे होते. जहाजाच्या ज्या मधल्या भागात तोफांची रांग लावायची, तीच जागा चाकांनी आणि त्यांच्यावरील पेट्यांनी अडवलेली असे. त्यातून शत्रूचा एक गोळा चाकावर बसला की जहाज पांगळे. सुम्बिंगवर तोफा सहाच का, याचे अर्धे उत्तर येथे आहे.

प्रश्न : वाफेचे यंत्र होते, तर मग तीन डोलकाठ्या आणि शिडे कशासाठी? (एक वाचक, मुंबई)

उत्तर : कोळशासाठी, असे उलट उत्तर देता येईल. त्या काळची यंत्रे कोळसा बेसुमार खात आणि जहाजात कोळसा ठेवायला जागा मर्यादित असे. म्हणून बंदरात शिरताना, बंदरातून बाहेर पडताना, वारा पडल्यावर किंवा समोरून आल्यावर यंत्र चालवायचे आणि एरवी शिडांवर जायचे, हाच शिरस्ता होता. शिडांवर जाताना चाके पाण्यात ओढली जाऊन जहाजाचा वेग मारत, म्हणून ती यंत्रापासून सोडवून मोकळी फिरू देत किंवा त्यांच्या खालच्या फळ्या काढून ठेवत.

आपण मुंबईचे आहात म्हणून घरचेच उदाहरण देतो. मुंबईच्या गोदीत नौरोजी जमशेटजी वाडिया यांच्या देखरेखीखाली बांधलेली ‘ह्यू लिंडसे’ ही ४११ टनांची आगबोट २० मार्च १८३० रोजी टपाल घेऊन सुएझकडे निघाली. तिच्या कोठारात साधारण साडेपाच दिवसांचा कोळसा मावत होता आणि एडनपर्यंतचा पल्ला अकरा दिवसांचा होता. मग कोळसा दिवाणखान्यात, कामऱ्यांत, जागा मिळेल तेथे रचला. एडनला ती पोहोचली तेव्हा जेमतेम सहा तास पुरेल इतका कोळसा उरला होता. सुम्बिंग त्यानंतर वीसेक वर्षांनी आली. यंत्रे तोवर सुधारली होती, पण हिशेब तोच होता.

दुसरी अडचण मिठाची. बॉयलरमध्ये समुद्राचेच पाणी घालत. पाणी उकळून वाफ होई, मीठ मागे राही आणि आतल्या पत्र्यावर त्याचा थर बसे. तो वाढला की पत्रा तापून फुगण्याची आणि फाटण्याची भीती. यावर उपाय असा की काही वेळाने तळाचे खारट पाणी समुद्रात सोडून द्यायचे आणि नवे भरायचे, आणि तरी जो थर बसेल तो बंदरात आग विझवून, आत माणूस उतरवून छिन्नीने खरवडायचा. आगबोट चालवायला शिकणे म्हणजे काय, ते या एका कामावरून समजते. बटण दाबावे आणि चाक फिरावे, अशी ती गोष्ट नव्हती.

प्रश्न : आपली युद्धनौका दुसऱ्या देशाला फुकट देऊन टाकण्याइतके डच उदार कसे झाले? (एक वाचक, नागपूर)

उत्तर : उदार वगैरे काही नाही. त्यामागे व्यापाऱ्याचा हिशेब होता, आणि तो समजायला दोनशे वर्षे मागे जावे लागते. १६४१पासून नागासाकीच्या बंदरातील देजिमा या छोट्याशा कृत्रिम बेटावर डच व्यापाऱ्यांना राहू दिले जाई. जपानात व्यापार करू शकणारे युरोपीय एवढेच. पुलापलीकडे पाऊल टाकायचे तर परवानगी, जहाज आले की तपासणी, असे ते राहणे होते, पण मक्तेदारीपुढे डचांना ते चालत होते. शोगुनच्या दरबारालाही या व्यवस्थेत जगाची खबर मिळे. दरवर्षी जहाज आले की डच वखारीने बाहेरच्या बातम्यांचा लेखी वृत्तान्त सादर करायचा, अशी अटच होती.

अफूच्या युद्धात इंग्रजांनी चीनला नमवले, तेव्हा हे फार दिवस टिकणार नाही हे डचांच्या ध्यानात आले. १८४४ मध्ये राजा दुसरा विल्यम याने शोगुनला पत्र पाठवून दारे आपणहून उघडण्याचा सल्ला दिला. दरबाराने तो नाकारला. अमेरिकेचे आरमार येणार ही बातमीही १८५२ मध्ये डचांनीच आगाऊ दिली होती. जुलै १८५३ मध्ये अमेरिकेचा कमोडोर पेरी चार जहाजे घेऊन टोकियोच्या उपसागराच्या तोंडावरील उरागा बंदरासमोर उभा राहिला. त्यांतील ससक्वेहाना आणि मिसिसिपी या दोन चाकांच्या मोठ्या आगबोटी होत्या. वाऱ्याविरुद्ध धूर सोडत येणारी ती काळी जहाजे जपान्यांनी किनाऱ्यावरून पाहिली. मोठी जहाजे बांधण्यावर दोनशे वर्षांहून अधिक काळ असलेली बंदी दरबाराने त्याच वर्षी उठवली आणि वाफेच्या युद्धनौकांची मागणी कोणाकडे नोंदवायची, तर ओळखीच्या डचांकडे.

पण जहाज बांधून यायला वेळ लागणार होता आणि युरोपात क्रिमियाचे युद्ध पेटलेले होते. तोवर करायचे काय? देजिमाचा वखारप्रमुख यान हेन्ड्रिक डोंकर कुर्टियस याने तोड काढली की जहाजे येतील तेव्हा येतील, आधी ती चालवणारी माणसे तयार करावीत. १८५४च्या उन्हाळ्यात कप्तान गेरहार्डुस फाबियस सुम्बिंग घेऊन जावाहून नागासाकीला आला आणि त्याने शोगुनच्या अधिकाऱ्यांना व नागासाकीच्या रक्षणाची जबाबदारी असलेल्या सागा, फुकुओका या संस्थानांतील सामुराईंना काही महिने प्राथमिक धडे दिले. पुढच्या वर्षी तो ‘गेदे’ आणि ‘सुम्बिंग’ अशी दोन जहाजे घेऊन परतला. त्यांतील सुम्बिंग राजा तिसरा विल्यम याच्या वतीने शोगुनला अर्पण करण्यात आली, आणि तिच्याबरोबर आलेली शिक्षकांची तुकडी नागासाकीतच राहिली.

आता हिशेब पाहावा. अमेरिकनांनी मार्च १८५४ मध्ये करार पदरात पाडून घेतला होता. इंग्रज आणि रशियन रांगेत होते. दोनशे वर्षांची मक्तेदारी हातची जात असताना शिक्षक आणि जहाजांचे पुरवठादार म्हणून तरी आपले स्थान राखावे, असा डचांचा विचार होता. जानेवारी १८५६ मध्ये त्यांचाही जपानशी करार झाला. शिवाय देऊन टाकलेले जहाज कोणते होते, तेही पाहायला हवे. चाकांच्या युद्धनौकांचा काळ सरत आला होता, मागे मळसूत्री पंखा असलेली जहाजे पुढे येत होती, आणि यापुढे पंख्याचीच जहाजे घ्या असा सल्ला खुद्द फाबियसनेच जपान्यांना दिला होता. म्हणजे जे बांधू नका म्हणून सांगितले, तेच भेट म्हणून दिले. आम्हांला यात लबाडी दिसत नाही. लढाईला दुय्यम ठरलेले जहाज शिकण्यासाठी उत्तम असते. मोडले तरी कोणाची झोप उडत नाही.

प्रश्न : मी जपानी भाषा शिकते. ‘कान्को’ म्हणजे पर्यटन. युद्धनौकेचे नाव ‘पर्यटन’ कसे असेल? (एक वाचक, पुणे)

उत्तर : प्रश्न मार्मिक आहे, आणि शब्द व चित्राक्षरे तीच आहेत. ‘यीजिंग’ या प्राचीन चिनी ग्रंथात ‘राष्ट्राचे तेज पाहणे’ अशा अर्थाचे एक वचन आहे. त्यातील ‘पाहणे’ आणि ‘तेज’ ही दोन अक्षरे घेऊन ‘कान्को’ हे नाव घडवले. ‘मारू’ हा जपानी जहाजांच्या नावामागे लागणारा जुना प्रत्यय आहे. परदेशाचे वैभव डोळसपणे पाहावे आणि आपले वैभव जगाला दाखवावे, असे दोन्ही अर्थ त्यातून निघतात, आणि डचांकडून आलेल्या जहाजाला ते नाव शोभते. प्रवाशाने देश पाहत हिंडणे, हा आजचा अर्थ त्याच शब्दाला नंतर चिकटला. पुढे डचांकडे नोंदवलेले पहिले जहाज आले, त्याचे ‘कान्रिन मारू’ हे नावही त्याच ग्रंथातून घेतलेले आहे.

प्रश्न : मी आयुष्यभर जहाजांच्या इंजिनरूममध्ये काम केले आहे. शिकवणाऱ्याची भाषा एक, शिकणाऱ्याची दुसरी, आणि समोर पूर्वी कधी न पाहिलेले यंत्र. हे शिक्षण झाले तरी कसे? (एक निवृत्त वाचक, ठाणे)

उत्तर : कष्टाने झाले. १८५५च्या अखेरीस नागासाकीच्या दंडाधिकाऱ्याच्या पश्चिम कचेरीत, देजिमापासून हाकेच्या अंतरावर, आरमारी शाळा सुरू झाली. जपानी बाजूने तिचा कारभार नागाई नाओयुकी पाही. पहिल्या डच तुकडीत बावीस जण होते आणि तिचा प्रमुख होता पेल्स रायकेन. नौकानयन, जहाजबांधणी, तोफखाना, वाफेचे यंत्र आणि या सर्वांच्या मुळाशी असलेले गणित, असा अभ्यासक्रम होता. वर्गात शिक्षक डच भाषेत बोले आणि नागासाकीचे वंशपरंपरागत दुभाषे ते जपानीत सांगत. हे दुभाषे व्यापाराच्या आणि औषधांच्या भाषेत मुरलेले होते, पण झडप, दट्ट्या, निर्वात ही त्यांचीही भाषा नव्हती. तरी दीडशे-दोनशे वर्षांची ‘रांगाकु’ म्हणजे डच विद्येची परंपरा पाठीशी होती, हे विसरता येत नाही. डच ग्रंथ वाचून वैद्यक, खगोल आणि तोफशास्त्र शिकलेले विद्वान जपानात होते. विद्यार्थ्यांपैकी कात्सु रिन्तारो याला, जो पुढे कात्सु काइशू म्हणून प्रसिद्ध झाला, डच आधीपासूनच येत होते, त्यामुळे शिक्षक आणि विद्यार्थी यांच्यामधला दुवा तोच झाला.

वर्गात जे अडे ते जहाजावर सुटे. भट्टीत कोळसा ढिगाने टाकायचा नाही, पातळ पसरायचा. पाण्याची पातळी नजरेआड होऊ द्यायची नाही. खारे पाणी वेळेवर सोडायचे. थंड यंत्रात एकदम वाफ सोडायची नाही, आधी ते ऊबदार होऊ द्यायचे. आपण हे सारे आयुष्यभर केले आहे, आणि ते फळ्यावर शिकवता येत नाही हेही आपण जाणता. शिवाय हे शिकणारे कमरेला दोन तलवारी लावणारे सामुराई होते. हातात फावडे घेऊन भट्टीसमोर उभे राहणे त्यांच्या दर्जाच्या कल्पनेत बसणारे नव्हते. सुम्बिंगचे, म्हणजे आता कान्को मारूचे, सर्वांत मोठे काम हेच झाले. ती या शाळेचा चालताबोलता वर्ग होती.

१८५७च्या वसंतात त्याची परीक्षाच झाली. याताबोरी को याच्या नेतृत्वाखाली शाळेत तयार झालेल्या विद्यार्थ्यांनी, जहाजावर एकही डच न घेता, कान्को मारू नागासाकीहून थेट एदोला, म्हणजे आजच्या टोकियोला नेली. शाळा सुरू होऊन तेव्हा जेमतेम सव्वा वर्ष झाले होते. हेच लोक एदोतील त्सुकिजी येथे निघालेल्या नव्या आरमारी शाळेचे शिक्षक झाले. त्याच वर्षी हॉयसेन फान कॅटेनडायके याच्या नेतृत्वाखाली सदतीस जणांची दुसरी तुकडी कान्रिन मारू घेऊन नागासाकीला आली. तिच्यात पोम्पे फान मेर्देरफोर्ट हा डॉक्टर होता, ज्याने जपानात पाश्चात्त्य वैद्यकाचे पद्धतशीर शिक्षण सुरू केले, आणि हेन्ड्रिक हार्देस हा अभियंता होता. यंत्र आले की दुरुस्ती आली, आणि दुरुस्तीला ओतशाळा, लेथ, वाफेचा हातोडा लागतो. हार्देसने नागासाकीच्या खाडीकाठी असा कारखाना उभारायला घेतला, तो १८६१ मध्ये पूर्ण झाला. आजचा मित्सुबिशीचा नागासाकी जहाज कारखाना आपले मूळ त्याच कारखान्यात सांगतो. शाळा मात्र १८५९ मध्ये बंद झाली.

प्रश्न : प्रशांत महासागर ओलांडणारे पहिले जपानी वाफेचे जहाज कान्को मारूच ना? (एक वाचक, कोल्हापूर)

उत्तर : नव्हे. तो मान कान्रिन मारूचा, मात्र आपला गोंधळ अगदीच निराधार नाही. १८६० मध्ये अमेरिकेला शिष्टमंडळ जायचे होते आणि त्याच्या सोबतीला एक जपानी जहाज पाठवायचे ठरले. त्यासाठी एका टप्प्यावर कान्को मारूचीच निवड झाली होती. अमेरिकन आरमाराचा अधिकारी जॉन ब्रूक तेव्हा जपानात अडकून पडला होता आणि याच जहाजाने मायदेशी परतणार होता. हिवाळी प्रशांत महासागरात चाकांची आगबोट नको, पंख्याचे जहाज घ्या, हे त्याचे मत मानून कान्रिन मारू काढण्यात आली. चाकांविषयी वर जे लिहिले आहे ते वाचल्यावर त्याचे म्हणणे आपल्याला पटेल. फेब्रुवारी १८६० मध्ये उरागाहून निघालेली कान्रिन मारू सदतीस दिवसांनी सॅन फ्रान्सिस्कोला पोहोचली. कप्तान होता नागासाकीचा विद्यार्थी कात्सु, आणि वाटेत त्याला समुद्र इतका लागला की बहुतेक काळ तो खोलीतच पडून होता. जड समुद्रात जहाज सांभाळले ते ब्रूक आणि त्याच्या अमेरिकन खलाशांनी. शाळेत शिकलेले आणि समुद्राने शिकवलेले यांत अंतर राहिले होतेच.

प्रश्न : या जहाजाने लढाई कोणती केली? (एक वाचक, जळगाव)

उत्तर : तिचे आयुष्य शिकवण्यात आणि माणसे व सामान वाहण्यात गेले. काही काळ ती सागा संस्थानाकडेही होती. लढाईची हौस असेल तर डच आरमाराच्या दुसऱ्या जहाजाकडे वळावे लागेल. ११ जुलै १८६३ रोजी ‘मेडुसा’ ही पंख्याची डच युद्धनौका शिमोनोसेकीच्या सामुद्रधुनीतून जात होती. परकीय जहाजांवर चोशू संस्थानाच्या तोफा चालतात, हे तिचा कप्तान दे कासेम्ब्रोत याला ठाऊक होते, पण डचांची मैत्री जुनी, आपल्यावर गोळा येणार नाही, असा त्याचा भरवसा होता. गोळे आले. मेडुसाचे चार खलाशी ठार झाले. भेट दिलेल्या जहाजाचा उपकार मानणारे शोगुनचे सरकार होते. चोशूचे वैर त्या सरकारशीही होतेच.

प्रश्न : हे जहाज आज पाहायला मिळते का? (एक वाचक, सिंगापूर)

उत्तर : मूळ जहाज नाही. १८६८ मध्ये शोगुनची सत्ता गेली तेव्हा कान्को मारू नव्या मेइजी सरकारकडे आली आणि १८७६ मध्ये ती मोडीत काढली गेली. लाकडी आगबोटीला पंचवीस वर्षे म्हणजे पुष्कळ झाली. तिची पूर्ण आकाराची प्रतिकृती १९८७ मध्ये नेदरलंड्समध्ये बांधून जपानला नेण्यात आली आणि नागासाकीच्या पाण्यात ती प्रवाशांना फिरवत असे. पुण्याच्या वाचकांना आता ‘कान्को’चा दुसरा अर्थही लागू पडलेला दिसेल. कान्रिन मारूचा शेवट वेगळा झाला. तिचे यंत्र काढून तिला केवळ शिडांचे मालवाहू जहाज करण्यात आले होते आणि १८७१ मध्ये ती होक्काइदोच्या दक्षिण टोकाला साराकी भूशिराजवळ बुडाली.